गुरुवारचा हेला

"ती खुर्ची माझी आहे."

भाविकाने मान वळवली नाही. पडद्यावर तिची शिकारीण बर्फाच्या कड्यावर धनुष्य ताणून उभी होती, आणि अशा वेळी साक्षात देव जरी मागे येऊन उभा राहिला असता, तरी तिने त्याला जरा थांब म्हटलं असतं.

"खुर्चीवर कुणाचं नाव दिसलं नाही," ती म्हणाली.

"नाव नसेल. पण गुरुवारी दुपारी या मशीनवर मी असतो. झुलालभाऊंना विचारा."

बाण सुटला… चुकला. शिकारीण कड्यावरून थेट खाली. भाविकाने रिमोट मांडीवर ठेवला आणि मागे पाहिलं. कारखान्याचा निळा शर्ट, खिशाला लटकलेलं ओळखपत्र, कपाळावर धुळ्याच्या उन्हाचा सगळा घाम. आणि त्या सगळ्याच्या मधोमध दोन शांत डोळे, जे भांडायला आले होते पण भांडण विसरून पडद्याकडे बघत होते.

"तुम्ही कड्यावरून मारता?" त्याने विचारलं. "खाली नाही उतरत?"

"उतरले की मरते."

"तेच तर. सगळे उतरूनच मरतात. कड्यावरून मारायचं माझ्या डोक्यातच आलं नाही कधी."

एवढं बोलून तो हसला. भाविकालाही हसू आलं, पण तिने ते ओठांतच ठेवलं. अनोळखी माणसाला पहिल्याच दिवशी किती द्यायचं, याला काही मर्यादा असते.

देवपुरात तेव्हा झुलालभाऊंचं गेम झोन होतं. आता तिथे मोबाईलची कव्हरं विकतात. पण तेव्हा काचेचं दार ढकललं की एसीचा गार झोत अंगावर यायचा, आणि खरं सांगायचं तर भाविका पहिल्यांदा आत गेली ती त्या झोतासाठीच. ती रावेरकडची, केळीच्या बागेत वाढलेली. धुळ्याच्या एका लॅबमध्ये ट्रेनिंगला आलेली. सकाळभर रक्ताच्या नमुन्यांच्या नळ्या हाताळायच्या, दुपारी होस्टेलच्या तापलेल्या पत्र्याखाली जायचं, त्यापेक्षा इथे बसावं. बसता बसता 'फँगलँड' हाती लागलं. राक्षसांची शिकार करायचा खेळ. आणि बसता बसता ती त्यात अशी गुंतली की लॅबमधल्या मुलींना वाटायचं, हिचं कुठेतरी जुळलंय.

फँगलँड तसं सगळ्याच मशीनवर होतं. पण त्याचा नंतर आलेला जादा भाग, ज्याला खेळणारे एक्स्पान्शन म्हणतात, तो मात्र कोपऱ्यातल्या एकाच मशीनवर होता. त्या भागात बर्फाचा नवा मुलूख होता, आणि त्या मुलुखात कुठेतरी होता तो. मूळ खेळात न दिसणारा, सहजासहजी न उघडणारा, म्हणजे समोरच न येणारा, पांढरा राक्षस. पडद्यावर त्याचं नाव काहीतरी लांबलचक यायचं. झुलालभाऊंनी एकदा त्याचं चित्र बघितलं, ती वळलेली शिंगं, तो बैलाहून रुंद खांदा, आणि म्हणाले, "हाऊ तर हेला शे." हेला म्हणजे रेडा. तेव्हापासून त्याचं नाव हेलाच पडलं.

त्या दिवशी खुर्चीचा वाद झुलालभाऊंनीच मिटवला. दुसरं स्टूल आणून शेजारी टाकलं, दुसरा रिमोट जोडला.

"भांडू नका. दोन्ही बठा, दोन्ही खेळा. मन्हं डोकं खाऊ नका."

तो हितेंद्र. नरडाण्याच्या एमआयडीसीत कामाला, गुरुवारी दुपारपासून सुटी. गाव दोंडाईचा.

"तुमचं आडनाव?" खेळता खेळता त्याने विचारलं.

"पाटील."

"अरे, मीपण."

खान्देशात पाटील म्हटलं की पुढचा प्रश्न येतोच. तो आला.

"कोणते पाटील?"

"रावेरकडचे."

"म्हणजे केळीवाले." तो पडद्याकडे बघतच पुढे म्हणाला, "आम्ही मिरचीवाले."

दोघांनीही मान डोलावली, जशी हवामानाची बातमी ऐकून डोलावतात. पाटील तेही आणि पाटील हेही, पण या पाटलांची सोयरीक त्या पाटलांत होत नाही, हे दोघांच्या घरांत पाळण्यातल्या पोरालाही ठाऊक होतं. त्यामुळे उलट बरंच झालं. ज्या वाटेला जायचंच नाही, तिथे काटे मोजायची गरज नाही. दोघं मोकळेपणाने बोलू लागले.

गुरुवारमागून गुरुवार गेले. उन्हाळा सरला, पांझरा नदीला पाणी आलं, गेम झोनच्या काचेवरून सरी ओघळायला लागल्या. 'तुम्ही'चं 'तू' कधी झालं ते कळलं नाही. हितेंद्रच्या हातात भलामोठा घण असायचा आणि तो राक्षस दिसला रे दिसला की त्याच्यावर धावायचा. भाविका लांबून बाण मारायची.

"तू जरा थांबशील का धावायच्या आधी?"

"थांबलो तर तुला वाचवणार कोण?"

"मला? आत्तापर्यंत तुला किती वेळा उचललं मी, विसरलास?"

"म्हणूनच तर पडतो."

अशा वाक्यांना काय उत्तर द्यायचं असतं? भाविका बाणांची पिशवी तपासायची. खेळातली.

एक करार मात्र ठरला होता. यूट्यूबवर बघायचं नाही. हेल्याला कसं उघडायचं हे जगात पुष्कळांना माहीत असणार, पण आपण आपलंच शोधायचं. जो चोरून बघेल त्याने सगळ्या गेम झोनला कचोरी द्यायची.

आणि हेला उघडेना. बर्फाच्या मुलुखाची गोष्ट संपली, हेल्याचे तिन्ही चेले मारून झाले. मग गोठलेल्या तळ्याचा रस्ता उघडला. तळ्याकाठी शेकोटी, आजूबाजूला पांढरा शुकशुकाट, आणि पडद्यावर एकच ओळ: 'तो तुम्हाला पाहतो आहे.' पण येत नव्हता. त्यांनी तळ्याला फेऱ्या मारल्या, बर्फ फोडला, आरोळ्या दिल्या. काही नाही.

"लाजतो वाटतं," हितेंद्र म्हणाला.

"तुझा घण बघून घाबरला असेल."

झुलालभाऊ काउंटरवरून म्हणाले, "मी सांगस, त्याले उघडूच नका. त्यान्हावर मन्हं दुकान चालस."

हसली भाविका, पण मनात ते कुठेतरी टोचलं. कारण दुकान झुलालभाऊंचं एकट्याचं चालत नव्हतं त्या हेल्यावर. तो सापडला, मेला, की गुरुवारी इथे यायचं काय कारण उरणार होतं? आणि तसंही ट्रेनिंग संपत आलं होतं. घरून नानांचे, म्हणजे तिच्या वडिलांचे, फोन सुरू झाले होते.

"भाविका, कवा येऊ राह्यली वं तू? पुण्याचे पाहुणे येतो म्हणतात. पोरगा चांगला आहे. तू येण्याचीच वाट आहे."

"येते नाना. ट्रेनिंग संपलं की येते."

तिने हितेंद्रला हे सांगितलं नव्हतं. सांगायचं काय आणि कोणत्या नात्याने?

मग श्रावण आला. नागपंचमीनंतरच्या रविवारी हितेंद्र कानबाईसाठी, म्हणजे खान्देशात श्रावणात घरोघरी बसवतात त्या देवीसाठी, घरी गेला. पुढच्या गुरुवारी दुपारी तो आला तो हातात कापडी पिशवी घेऊनच. भाविकाला त्या दिवशी लॅबमध्ये जेवायला सवड झाली नव्हती. बाहेर पाऊस धरून बसला होता, शेजारची खानावळ बंद. तळ्याकाठच्या शेकोटीजवळ दोघांचे शिकारी उभे होते.

"जेवली नाहीस तू," हितेंद्र म्हणाला. विचारलं नाही, सांगितलं.

"कशावरून?"

"तुझे बाण आज फार रागात जाताहेत."

त्याने पिशवीतून डबा काढला. "ठेव तो रिमोट. शस्त्रंही ठेव, उगाच काहीतरी दाबलं जाईल." तिने बटण दाबलं, शिकारिणीने धनुष्य पाठीला लावलं आणि शेकोटीजवळ मांडी घातली. त्याच्या शिकाऱ्यानेही घण खाली ठेवला. डब्याचं झाकण उघडलं आणि तूप-गुळाचा वास त्या एसीच्या गार खोलीत पसरला.

आत रोट होते. कानबाईच्या प्रसादाचे.

भाविकाने ते बघितले आणि तिचा हात वाटेतच थांबला. कानबाई तिच्याकडेही बसायची. रोटासाठी घरातल्या माणसागणिक मुठीने गहू घेतात, ते भाऊबंदांतच खायचे आणि पौर्णिमेच्या आत संपवायचे, बाहेरच्याला देत नाहीत. लहानपणी तिची मैत्रीण अशीच ताटाजवळ येऊन बसली होती, तर आईने तिला प्रेमाने उठवून पुरणपोळी दिली होती. रोट नाही. हितेंद्र एकटा खोलीवर राहतो म्हणून आईने त्याच्या वाट्याचे रोट डब्यात घालून दिले असणार, इतकं सरळ होतं ते.

हितेंद्रने तुकडा मोडला, वर तूप सोडलं आणि तिच्यापुढे धरला. त्याच्या डोळ्यांत काही नव्हतं. म्हणजे होतं, पण ते 'ही उपाशी आहे' एवढंच.

त्याला आठवण करून देता आली असती. एक वाक्य पुरलं असतं. अरे, हे मला चालत नाहीत.

भाविकाने तो तुकडा घेतला. आणि खाल्ला. सावकाश, गुळाचा कण न् कण जिभेवर विरेपर्यंत.

तिचा अर्धा रोट संपला तेव्हा हितेंद्रच्या लक्षात आलं. घास चावता चावता तो थांबला. तिच्याकडे बघितलं. तिने नजर पडद्यावर ठेवली होती, पण कानाची पाळी लाल झाली होती. तो काहीतरी बोलणार…

तेवढ्यात तळं फुटलं.

बर्फाचे तुकडे उडाले, पडदा हादरला, आणि त्या थंड काळ्या पाण्यातून आधी शिंगं वर आली, मग ते रुंद पांढरं कपाळ. शस्त्रं खाली ठेवून, शेकोटीजवळ शांत बसलेल्या दोन शिकाऱ्यांसमोर हेला स्वतःहून आला होता. इतके दिवस ते दोघं त्याला शस्त्र उगारून शोधत होते.

"रिमोट घे… रिमोट!"

"हात तुपाचे आहेत माझे!"

रिमोट निसटला, टेबलाखाली गेला. दोघांची डोकी टेबलाखाली आपटली. वर पडद्यावर हेल्याने दोघांनाही बर्फात लोळवलं आणि शिकार संपली. हसता हसता भाविकाच्या डोळ्यांतून पाणी आलं. हितेंद्र तिथेच टेबलाखाली बसून तिच्याकडे बघत होता. त्या बघण्यात आता 'ही उपाशी आहे' एवढंच राहिलं नव्हतं.

"भाविका… तो रोट…"

"छान होता," ती म्हणाली आणि बाहेर आली.

जाताना पावसात, छत्री उघडता उघडता, तिने पुण्याच्या पाहुण्यांचं सांगून टाकलं. आणखी दोन गुरुवार आहेत, मग मी जाईन, असंही. हितेंद्रने नुसतं "हं" म्हटलं. त्याच्या खांद्यावर पागोळी पडत होती आणि ते त्याच्या ध्यानातही नव्हतं.

पौर्णिमेला दोंडाईच्याहून हितेंद्रच्या आईचा, कुंदाबाईंचा, फोन आला. रीतच तशी होती, पौर्णिमेला रोटांची विचारपूस होते.

"रोट सरनात का रे?"

"सरले, आई."

"तूच खादात ना बठ्ठा?"

हितेंद्रला आईशी खोटं बोलायला कधी जमलं नव्हतं. त्या पोराला अर्धा क्षण गप्प राहणंही महागात पडायचं.

"कोनले दिधात?" पलीकडून आवाज आला.

पुढच्या गुरुवारी कोपऱ्यातलं स्टूल रिकामं राहिलं. भाविकाच्या मोबाईलवर एवढंच आलं: 'आईने बोलावलंय. पुढच्या गुरुवारी येतो.' तिने तो निरोप पुन्हा पुन्हा वाचला, जणू खाली आणखी काही लपलेलं असेल. नव्हतं. ती एकटीच तळ्याकाठी बसली. हेला एकट्यासाठी येत नव्हता. झुलालभाऊंनी न मागता चहा आणून ठेवला आणि त्यांनीही त्या दिवशी काही गंमत केली नाही. मी कशाला हात लावला होता, तिच्या मनात येत राहिलं. त्याच्या घरच्यांच्या देवाला, त्यांच्या कुळाला. एका घासासाठी… पण घास एवढाच होता का तो?

आणि मग शेवटचा गुरुवार. बॅग भरून झालेली, दुसऱ्या दिवशी सकाळची जळगावची बस, पुढे रावेर. भाविका गेम झोनमध्ये शिरली तेव्हा हितेंद्र आधीच बसला होता. आणि त्याच्यामागे प्लास्टिकच्या खुर्चीत, गुडघ्यावर पिशवी घेऊन, डोक्यावरून पदर नीट घेतलेली एक बाई बसली होती. एसीच्या झोतापासून पाय आखडून.

"आई," हितेंद्र म्हणाला. त्याचा आवाज कुठूनतरी लांबून आल्यासारखा होता.

भाविका वाकली. कुंदाबाईंनी तिच्याकडे पायांपासून केसांपर्यंत पाहिलं, आशीर्वादाचा हात उचलला.

"बठ," एवढंच. "तुम्हना खेळ व्हऊ द्या आधी."

दोघं बसले. शस्त्रं खाली ठेवली, शेकोटीजवळ मांडी घातली. तळं फुटलं. हेला वर आला.

त्या दिवशी ते जसे खेळले तसे कधी खेळले नव्हते. हितेंद्र धावायच्या आधी थांबत होता. भाविका कड्यावरून खाली उतरत होती. हेल्याच्या गळ्याखाली एक निळी भेग होती, घाव बसायचा तर तिथेच. पण तो नेहमी मान खाली घालून यायचा, भेग दिसायचीच नाही. घणाने खांदा ठेचला, बाणांनी कपाळ भरलं, हेला लंगडायला लागला, तरी मरेना. आता दोघांपैकी कुणीही एकदा पडलं की शिकार संपणार होती. आणि यानंतर गुरुवार नव्हता.

"डावीकडे ये," ती म्हणाली.

"आलो."

आणि नेमक्या त्याच वेळी मागून कुंदाबाई बोलल्या. आवाज चढवला नव्हता, ओट्यावर भाजी निवडताना विचारावं तसं विचारलं.

"पोरी, तुम्हनाकडे कानबाई बसस का?"

"हो, मावशी." भाविकाची नजर पडद्यावर.

"मंग तुले माहीत व्हतं, रोट बाहेरना माणूसले चालत नही."

भाविकाने धनुष्य ताणून धरलं. हेला वळत होता.

"माहीत होतं."

"यानी सांगं माले, चूक त्यानी शे, तुले काही ठाऊक नव्हतं." कुंदाबाई थोड्या पुढे झुकल्या. "तुले ठाऊक व्हतं. तरी कसाले खादा?"

खोटं बोलायला वाव होता. भूक लागली होती म्हणता आलं असतं. माफी मागता आली असती, आणि उद्याच्या बसमध्ये बसता आलं असतं. पुण्याचे पाहुणे, चांगला पोरगा… सगळं आपापल्या जागी बसलं असतं.

"मला बाहेरची राहायचं नव्हतं, मावशी," भाविका म्हणाली. "म्हणून खाल्ला."



हितेंद्रच्या हातातला रिमोट तसाच राहिला. त्याने मान वळवून तिच्याकडे पाहिलं. पडद्याकडे नाही, आईकडेही नाही. पडद्यावर त्याचा शिकारी घण टेकवून, पाय रोवून, तळ्याच्या मधोमध नुसता उभा राहिला. हेल्याने त्याला बघितलं. आजवर हे दोघं सतत पळत होते, चुकवत होते, म्हणून हेला मान खाली घालून यायचा. पुढ्यात न पळणारा, न मारणारा माणूस त्याला कधी भेटला नव्हता. तो थबकला. मग मागच्या पायांवर उंच झाला, पहिल्यांदाच मान वर करून.

गळ्याखालची निळी भेग उघडी पडली.

भाविकाच्या डोळ्यांत पाणी होतं, पडदा धूसर दिसत होता. तिने बाण सोडला.

हेला पडला तो एकदम नाही. आधी गुडघे टेकले, मग ती रुंद मान सावकाश बर्फावर आली, जशी दिवसभर चिखलात राबलेल्या जनावराची येते. पडद्यावर अक्षरं झळकली, वाजंत्री वाजली. शिंगं घ्या, कातडं घ्या, असा खेळ सांगत राहिला. कुणी बटण दाबलं नाही.

"तू माझ्याकडे बघत होतास," भाविका हळूच म्हणाली. "मेला असतास."

"चाललं असतं," हितेंद्र म्हणाला. मग रिमोट खाली ठेवून, "भाविका, मी आईला गेल्या गुरुवारीच सांगितलंय. पुढचा रोट हिला हक्काने द्यायचा आहे म्हणून. तुला विचारायचं तेवढं राहिलं होतं."

"मग विचार."

"आई समोर बसलीय."

"मग मी काय अंधारात सांगितलं का?"

काउंटरमागे झुलालभाऊ उगाच एक स्वच्छ काच पुन्हा पुसत होते.

हितेंद्रने विचारलं. अगदी साध्या, लहान शब्दांत. ते शब्द इथे लिहायचे नाहीत, ते भाविकाचे आहेत. तिने होकारार्थी मान हलवली, आणि या वेळी हसू ओठांत ठेवलं नाही.

"पण नाना…" ती म्हणाली. "नाना ऐकतील असं वाटत नाही. रावेरचे पाटील नि दोंडाईच्याचे…"

"तुन्हा बापशी मी बोलसू," कुंदाबाई म्हणाल्या. "भांडतीन. भांडू दे. मी काय आज आयकी ऱ्हायनू का माणसांनं बोलणं? पुण्यावालास्ले आजच फोन करी दे, येऊ नका म्हना. दुसराना पोरले ताटकळत ठेवू नये." मग त्यांनी पडद्याकडे हनुवटी केली. "हाऊ मरना का?"

"मेला, आई."

"मंग उठा आते. मन्ही दोंडाईचानी बस चुकी जाई."

बाहेर पाऊस थांबला होता. देवपूरचा रस्ता ओला, त्यावर रिक्षांची लगबग, भाजीच्या गाडीवर ओली मेथी. कुंदाबाई चपला घालायला वाकल्या, आणि वाकता वाकता हातातली पिशवी बाजूला धरली. हितेंद्रकडे नाही, भाविकाकडे. बघितलंही नाही, आपण कुणाच्या हातात देतोय ते. घरच्या माणसाकडे देतात, तशी.

भाविकाने ती घेतली आणि त्यांच्या मागोमाग रस्ता ओलांडला.